हरभऱ्याची आंब

मार्गशीर्ष लागला की मंडईत हरभऱ्याचा पाला येतो आणि माझं डोकं फिरतं. इतरांना थंडी आल्याचा आनंद होतो, स्वेटर बाहेर निघतात, हुरड्याचे बेत ठरतात. मला मात्र पोत्यावर मांडलेले ते हिरवे वाटे दिसले की कानशिलं तापायला लागतात. तरी मी तिथंच जाऊन उभी राहते. दरवर्षी ठरवते, यंदा घ्यायचा नाही, आणि दरवर्षी दोन वाटे पिशवीत घालून घरी येते.

यंदाही तसंच झालं. कोपऱ्यावर बसणारी बाई हातानं पाला वरखाली करत म्हणाली, "कवळा हाय ताई, सकाळीच खुडलाय. आन् धुवू नगासा बरं का, आंब जाती. मग चव न्हाय ऱ्हात."

झालं. माझ्या तोंडाचा पट्टा सुटला.

"फवारलाय का हा?"

"आता फवारल्याबिगार काय येतंय व्हय ताई?"

"मग धुवू नका म्हणून कशाला सांगताय लोकांना?"

ती माझ्याकडं बघत राहिली. "माझ्या सासूनं सांगितलंय तसं सांगतोय की. न्ह्यायचा आसंल तर न्ह्या." आणि तिनं तोंड दुसऱ्या गिऱ्हाइकाकडं वळवलं. तिचं काय चुकलं होतं? काही नाही. सासूनं सांगितलेलं ती सांगत होती. पण माझ्या मनात जो भांडतो ना, त्याला समोर कुणीतरी लागतंच.

घरी येऊन पाला तीनदा धुतला. एकदा मिठाच्या पाण्यात घालून ठेवला. रात्रीच्या जेवणाला भाजी केली, ती गवतासारखी लागली. आमच्या ह्यांनी ताटाकडं बघून विचारलं, "आज पालाच?" आणि लोणच्याची बरणी पुढं ओढली.

या 'पालाच'मधल्या 'च'चाही मला संताप येतो. कोल्हापूरचं नाव काढलं की साऱ्या महाराष्ट्राच्या तोंडाला तांबड्या रश्श्याचं पाणी सुटतं. रविवारी घरातला पुरुष लुंगी खोचून मटण शिजवायला बसला की अख्खी गल्ली कौतुकाला गोळा होते. कांदा चिरायला बायको, खोबरं भाजायला बायको, पातेली घासायला बायको, आणि "रस्सा काय झालाय राव!" हे ऐकायला हे. मी त्या रश्श्याच्या विरोधात नाही, मीही वाटी तोंडाला लावून पिते. पण तो आठवड्यातून एकदा. उरलेले सहा दिवस हे शहर आणि हा जिल्हा कशावर जगतो? भाकरीशेजारी चिमूटभर जागेत बसणाऱ्या हिरव्या भाजीवर. मेथी, पोकळा, शेपू, चाकवत, करडई. ती निवडायला तास, चिरायला पाव तास, शिजून पातेलंभर पाल्याची ओंजळभर होते आणि पाच मिनिटांत संपते. तिला भाजी म्हणायचंही लोकांना जड जातं. तोंडी लावायला काय केलंय, असं विचारतात.

त्यातही हरभऱ्याची भाजी म्हणजे नुसती कष्टाची. हरभरा उगवून महिना झाला की त्याचे शेंडे खुडायचे. शेंडे खुडले की झाड फुटतं, पसरतं, घाटे जास्त लागतात. म्हणून आमच्याकडं कुणाच्याही रानात शिरून बाईनं ओटीभर पाला खुडला तरी कुणी ओरडत नाही, उलट "खुडा की, खुडा" म्हणतात. फुकटात काम होतं ना! दव पडलेलं असतं तेव्हा त्या पानांवर आंबट-खारट ओल सुटते, तीच आंब. खुडता खुडता बोटं आंबतात, नखांच्या कडा चुरचुरतात, साडीच्या ओटीला डाग पडतात ते जन्मात निघत नाहीत. माझ्या आईच्या सगळ्या जुन्या साड्यांना पोटाशी असा पिवळट नकाशा होता. लहानपणी मी तिच्यामागून फिरताना बोटं चाटत चालायची. थंडीत ओठ उललेले असायचे, त्यांना ती आंब झोंबायची, आणि तरी बोट पुन्हा तोंडात जायचं. काही बायका संध्याकाळी हरभऱ्यावर पांढरं धोतर पसरून ठेवत आणि सकाळी ते पिळून आंब बाटलीत भरत. पोट दुखलं की चमचाभर द्यायची. आमच्या घरी अशी बाटली देवळीत कायम असे.

आणि म्हणून हा पाला धुवायचा नाही. धुतला की आंब गेली, आंब गेली की चव गेली. झटकायचा, निवडायचा, बारीक चिरायचा, ठेचलेल्या लसणाची आणि मिरचीची फोडणी, त्यात मूठभर जोंधळ्याच्या कण्या आणि भरडलेले शेंगदाणे. झाकण ठेवून शिजू द्यायचं. लोखंडी कढईत ती भाजी काळपट हिरवी होते आणि घरभर एक आंबूस वास फिरतो. त्या वासानं मला अजून भूक लागते. आणि त्याच वासानं मला हातातली कढई भिंतीवर आपटावीशी वाटते.

माझं माहेर हातकणंगल्याजवळच्या एका गावात. ऊस, दोन म्हशी, आणि उसातून उरेल तेवढ्या रानात हरभरा. थोरला दादा कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीत कामाला होता आणि पाळी सांभाळून शेतीही बघायचा. वहिनी कुरुंदवाडच्या. मंगल त्यांचं नाव. नदीकाठच्या गावातली माणसं भाजी फार धुतात. मळीच्या रानातली भाजी, तिच्या मुळाशी गाळ असतो, तीन पाण्यांनी धुतल्याशिवाय चुलीवर जात नाही. वहिनी लग्न होऊन आल्या त्या पहिल्या थंडीत आईनं खुडून आणलेला हरभरा त्यांनी आपल्या माहेरच्या सवयीनं तीन पाण्यांनी लख्ख धुतला आणि टोपलीत निथळत ठेवला.

आई रानातून आली, टोपली बघितली आणि तिनं घर डोक्यावर घेतलं. "आगं, आंब धुवून टाकलीस की गं सगळी! आता ह्यात काय ऱ्हायलं, गवत? कुरुंदवाडात काय हरभरा पिकत न्हाय व्हय?" माझे वडील, आबा, जेवायला बसले होते. तेही हसले. दादा हसला. मीही हसले, हे लिहायला हवं. नवी नवरी मान खाली घालून आईला पुन्हा पुन्हा म्हणत होती, "मला ठाव न्हवतं, आत्या. आता न्हाय धुवायची."

त्यानंतर पाच वर्षं त्यांनी हरभऱ्याच्या पाल्याला पाणी लावलं नाही. आईपेक्षा चांगली भाजी करायला लागल्या. आईच शेजारणींना सांगायची, "हरभरा खावा तर आमच्या मंगलच्या हातचा." ते ऐकलं की त्या दिवशी वहिनींची भाकरी जरा जास्तच फुगायची, असं मला वाटायचं.

मी तेव्हा वीस वर्षांची. शेवटच्या वर्षाला होते, सकाळच्या गाडीनं कोल्हापूरला जायचे. मी कॉलेजात होते ती दादामुळं. बारावीनंतर आबांनी स्थळं बघायला सुरुवात केली होती, तेव्हा दादानं ठणकावून सांगितलं होतं, "शिकू दे तिला, मी हाय." हे त्याचं माझ्यावरचं ऋण. ते मी कधीच नाकारणार नाही. नाकारता आलं असतं तर पुढचं सगळं सोपं झालं असतं.

त्या दिवशी कॉलेजला सुट्टी होती. मी पुढच्या सोप्यात भिंतीला टेकून वाचत बसले होते. उन्हाची तिरीप पायावर आली होती आणि मी पाय हलवत नव्हते, इतकी ती ऊब बरी वाटत होती. दूर कारखान्याचा भोंगा झाला. वहिनी किटली घेऊन डेअरीत दूध घालायला गेल्या होत्या. आई परसात शेणी थापत होती. दादा रानातून आला. दारातल्या बादलीपाशी बसून त्यानं साबण लावून हात धुतले. पुन्हा साबण लावला, पुन्हा धुतले. मग तिसऱ्यांदा. हातांचा वास घेतला, चेहरा वाकडा केला. आबा तंबाखू मळत उंबऱ्यात बसले होते.

"खालच्या हरभऱ्यावर आळी पडलीया," दादा म्हणाला. "औषध मारलंय. चार दिस जनावरं सोडू नगासा तिकडं."

"बरं," आबा म्हणाले.

इतकंच. विषाला औषध म्हणायची आमची रीत, पण कुणाला ते काय आहे हे माहीत नव्हतं असं नाही. म्हणून तर हात तीनदा धुतले. म्हणून तर म्हशींचा बंदोबस्त झाला. मी पान उलटलं. वाटेतली कामं उरकून दुसऱ्या पाळीला जायचं म्हणून दादा भाकरी बांधून घेऊन लवकरच निघून गेला. आबा पानपट्टीवर गेले. वहिनी डेअरीतून परत आल्या तेव्हा सोप्यात मी एकटीच होते.

घरात तीन बायका होत्या आणि स्वाती, दादाची चार वर्षांची लेक. त्या हरभऱ्यात सारखं कोण जात होतं? दादा जात होता? आबा? म्हशीनं चुकून तोंड घालू नये म्हणून दोन पुरुषांनी बोलून घेतलं, आणि जी बाई दर दोन दिवसांनी तिथून ओटी भरून आणते, तिला सांगावं हे कुणाच्या डोक्यात आलं नाही. दुष्टपणा नव्हता. दुष्टपणा असता तर मी केव्हाच भांडून मोकळी झाले असते. त्यांच्या लेखी भाजी आपोआप येत होती. चुलीवरच्या कढईत ती उगवत होती. रानातून ती कुणी आणतं, वाकून, बोटं आंबवून आणतं, हे त्यांना माहीत होतं, पण कधी दिसलंच नव्हतं.

आणि मला? मला तर दिसत होतं.

दुपारी वहिनी रानात गेल्या. वरच्या तुकड्यातला पाला जून झाला होता, म्हणून खालच्या रानात उतरल्या. तोवर पानांवरचा फवारा वाळला होता आणि हरभऱ्याच्या स्वतःच्या वासात दुसरा वास कुठं कळणार. ओटी भरून आणली. संध्याकाळी माझ्याशेजारी बसून निवडली. मी दोन-चार शेंडे निवडू लागले तर म्हणाल्या, "ऱ्हाऊ द्या वन्सं, तुमी अभ्यास करा. बोटं खराब हुतील." मी पुन्हा पुस्तकात तोंड घातलं. सकाळचं बोलणं माझ्या कानात होतं, पण कानातून पुढं गेलंच नव्हतं. त्या पाल्याचा आणि त्या औषधाचा मी मेळच घातला नाही. शपथेवर सांगते. पण अशा शपथेचा उपयोग काय?

दिवेलागण झाल्यावर जेवणं झाली. आबांनी भाजी मागून घेतली. स्वातीनं घासभर खाल्ली, मी थोडी, आईनं थोडी. वहिनी नेहमीसारख्या सगळ्यांच्या मागून बसल्या आणि कढईत भाकरी फिरवून उरलेली सगळी भाजी त्यांनी खाल्ली. बायकांना शेवटी जेवायची सवय असते, त्याचं आपल्याकडं फार गुणगान होतं. त्या दिवशी त्या सवयीनं सगळ्यांत जास्त विष वहिनींच्याच पोटात गेलं.

पुढच्या तासाभराचं मी लिहीत नाही. आबांना ओकारी झाली, मग स्वातीला, मग वहिनी अंगणात जाऊन ज्या बसल्या त्या उठल्याच नाहीत. घामानं निथळत होत्या, तोंडातून लाळ गळत होती, त्यातही हात स्वातीकडं. शेजारच्यांच्या जीपमधून सगळ्यांना दवाखान्यात नेलं. आम्ही बाकीचे सकाळपर्यंत सावरलो. स्वाती दुसऱ्या दिवशी हसायला लागली. वहिनी चार दिवस तिथं होत्या.

मला सांगायचंय ते दुसऱ्या दिवशी सकाळचं. डॉक्टरांनी विचारलं, फवारणी केली होती का. दादा रात्री पाळीवरून तसाच आला होता, अंगावर कंपनीचा निळा शर्ट. "केलती की," तो म्हणाला. मग खाटेकडं न बघता म्हणाला, "घरात सांगितलंतं मी. हिचं ध्यान कुठं आसतंय!"

मी खाटेच्या पायथ्याशी उभी होते. आबा बाकावर बसले होते. दादाची आणि माझी नजरानजर झाली. मी सोप्यात बसले होते हे त्याला पक्कं माहीत होतं. त्याच्या नजरेत धमकी नव्हती, विनवणी होती. मी खाली फरशीकडं बघितलं. पांढरी फरशी, तिच्यावर फिनेलचा ओला पट्टा. आबांनी खाकरून घसा साफ केला आणि खिशातून तंबाखू काढली.

मग आई बोलली. माझी आई! "सांगितलं न्हवतं आसं समज, पर भाजी धुवावी तरी का न्हाय माणसानं?"

मला वाटलं आता छप्पर कोसळेल. कोसळलं नाही. वहिनींनी डोळे उघडून आईकडं बघितलं. संध्याकाळी कुरुंदवाडहून त्यांच्या आई आल्या, लेकीचं तोंड कुरवाळत म्हणाल्या, "आगं, आपल्यात तीन पाण्यानं भाजी धुत्यात. मी शिकवलं न्हवतं व्हय तुला?" माझी आई शेजारीच बसली होती. ती खिडकीतून बाहेर बघायला लागली. वहिनींना एक वाक्य बोलता आलं असतं. एकच वाक्य, आणि ते खरं होतं. त्या एवढंच म्हणाल्या, "इसरलो गं आई."

आमच्या भागात बायकाही 'आलो, गेलो, इसरलो' असंच बोलतात. बाहेरच्यांना ते रांगडं वाटतं, हसू येतं. मला त्या 'इसरलो'चं आजवर हसू आलेलं नाही. कारण पुढं पुढं त्या खरंच तसं मानायला लागल्या. मला एकटीला गाठून विचारायच्या, "त्यांनी सांगितलं आसंल का वो सकाळी? मी दूध घेऊन आलो तवा सांगितलं आसंल. माझ्याच ध्यानात ऱ्हायलं न्हाय. पोरगी मरतीती माझ्या हातनं." मी म्हणायची, "जाऊ द्या वहिनी, झालं गेलं." केवढी शहाणी मी! तेव्हा त्यांना दोन शब्द हवे होते आणि ते माझ्याजवळ होते.

त्या दिवसापासून वहिनी बदलल्या. गाव, भावकी, सगळ्यांनी ती गोष्ट वाटून घेतली. मंगलनं न धुता भाजी घातली, नवऱ्यानं सांगून ठेवलेलं तिच्या ध्यानात राहिलं नाही, पोरीला मारत होती. नवऱ्यानं काय सांगितलं, कुणाला सांगितलं, हे विचारायची गरज एकालाही भासली नाही. हरभऱ्याची भाजी त्या घरात पुन्हा शिजली नाही. बाकीच्या भाज्या वहिनी इतक्या धुवायला लागल्या की मेथीलाही चव राहीना. आणि स्वयंपाकाला लागायच्या आधी रोज घरातल्या एकेकाला विचारायच्या, "मला सांगायचं काय ऱ्हायलंय का?" पोरगी शाळेतून आली की तिला, दादा पाळीवरून आला की त्याला, गोठ्यात वैरण टाकणाऱ्या गड्याला. लोक हसायचे. त्या हसण्यात त्यांची जेवढी म्हणून बुद्धी होती, हुशारी होती, घर चालवायची धमक होती, ती सगळी एका येडेपणात मोडीत निघाली.

माझं मात्र सगळं नीट झालं. शिकले, शाळेत लागले, कोल्हापूरला लग्न झालं. मुलांना नागरिकशास्त्र शिकवते. अन्यायाविरुद्ध आवाज का उठवावा, हा प्रश्न परीक्षेला हमखास असतो आणि त्याची उत्तरं मी तपासते.

दादाची मात्र ती जेवणावळीतली हक्काची गोष्ट झाली. पाहुणे बसले की सुरू. "आमच्या हिच्या हातचं खायाचं म्हंजे काळजाचं काम, पावणं!" सगळे हसायचे. तो वाईट माणूस नाही, हे मी स्वतःला बावीस वर्षं सांगत आले. वाईट नसलेल्या माणसांनी केलेला अन्याय कुठं लिहायचा, याची मला अजून जागा सापडलेली नाही. आबा गेले. आई गेली, जाताना वहिनींचा हात हातात घेऊन, पण काही न बोलता. आता ती सकाळ दोघांनाच ठाऊक होती, दादाला आणि मला.

यंदा स्वातीचं लग्न होऊन पहिली थंडी. गेल्या रविवारी लेक-जावई आले म्हणून दादानं मलाही बोलावलं होतं. मंडईतला तो प्रकार त्याच्या दोनच दिवस आधीचा, राग अजून अंगात होता. संध्याकाळी आम्ही ताटांवर बसलो. मटण होतं, आणि वहिनींनी पोकळ्याची भाजी केली होती, लसूण सढळ घालून. त्या पातेलं घेऊन वाढायला आल्या. जावई चांगला पोरगा, वहिनींना म्हणाला, "मामी, आधी भाजी द्या. वास भारी सुटलाय."

दादाला तेवढं पुरलं. "जपून बरं का जावईबापू! आमच्यात भाजी खायाची म्हंजे आधी गाडी दारात लावून ठेवावी लागती. हिला सांगून ठेवलंतं औषध मारलंय म्हणून, तरी हिनं..."

"दादा," मी म्हणाले. आवाज मला माझाच वाटला नाही. "तू वहिनींना सांगितलं न्हवतंस. आबांना सांगितलंस. जनावरं सोडू नगासा म्हणून. वहिनी डेअरीला गेलत्या. मी सोप्यात बसलोतो."

स्वातीचा घास हातातच राहिला. जावई ताटाकडं बघत बसला. दादाचा चेहरा आधी लाल झाला, मग एकदम म्हातारा दिसायला लागला. "आता कशाला उकरून काढतीस गं ते," तो पुटपुटला. "बावीस वर्सं झाली."

"झाली की! बावीस वर्षं तू हेच सांगत आलायस. म्हशींचा इचार केलास, हिचा न्हाय केलास." मला थांबता येईना. आईनं पहिल्या थंडीत वहिनींना कसं झापलं होतं, पाला धुवायचं कुणी सोडायला लावलं, दवाखान्यात कोण काय म्हणालं, सगळं बोलले. खरं सांगते, मला फार मोकळं वाटत होतं. कधी एकदा बोलून होतंय असं झालं होतं. आता वहिनी रडतील, माझ्या गळ्यात पडतील, असंही मनात कुठंतरी होतं. कोल्हापूरहून निघाल्यापासून असावं.

वहिनी पातेलं धरून उभ्याच होत्या. दादाकडं त्यांनी बघितलंसुद्धा नाही. माझ्याकडं बघत होत्या.

"तुमी ऐकलंतं व्हय?"

"व्हय वहिनी."

"तवाच?"

"व्हय."

"मग दवाखान्यात का बोलला न्हाईसा, वन्सं? मी तितंच पडलोतो की."

मी वीस वर्षांची होते. दादानं मला शिकवलं होतं. घर मोडेल असं वाटलं होतं. हे सगळं मला माहीत होतं आणि यातलं एकही तोंडातून बाहेर आलं नाही. त्यांनी उत्तराची वाट बघितली, अगदी माणूस बघतो तेवढीच. मग जावयाला भाजी वाढली. स्वातीला वाढली, तिच्या पाठीवर जरा हात ठेवला. दादालाही वाढली. माझ्या ताटापाशी त्या थांबल्या नाहीत.